स्फटिकविद्येची श्रेणी उभारताना: पहिल्यांदाच अद्भुतकथा रचणाऱ्यांसाठी

माझ्या टेबलावर कागद उडू नयेत म्हणून एक दगड ठेवलेला असतो. आजोळच्या शेतात विहीर खणताना सुरुंगाच्या ढिगाऱ्यातून निघालेला. बाहेरून तो आपला नेहमीचा काळा कातळ. पण एका बाजूला मुठीएवढी पोकळी आहे, आणि तिच्यात अबोलीच्या रंगाचे स्फटिक, मधोमध बांधलेल्या पेंढ्यांसारखे, एकमेकांना टेकून उभे आहेत. लहानपणी मला खात्री होती की हा दगड कुणीतरी आतून सजवला आहे. कुणी, हे शोधता शोधताच मी गोष्टी रचायला लागले.

गेली काही वर्षं मी रविवारी तरुण मुलामुलींना जमवून कल्पित जगातले खेळ खेळवते, त्यांच्या पहिल्या कथाही वाचते. स्फटिकांची जादू करणारी, विश्वाचा सूर सांभाळणारी एक गिल्ड, म्हणजे एका धंद्यातल्या माणसांचा संघ, आपल्या जुन्या शब्दात श्रेणी, जवळजवळ प्रत्येकाला हवी असते. पहिल्या मसुद्यात ती सहसा सारखीच दिसते: चमकणारा दगड, लांब झगे, डोंगरातलं गुप्त मंदिर, आणि दगडाला अशक्य असं काहीच नाही. तिसऱ्या प्रकरणाला गोष्ट अडते. ज्या दगडाला सगळं जमतं, त्याच्यापुढे माणसांना करायला काही उरत नाही. खालची वाट या अडचणीतूनच सापडली आहे. दगडाला काय जमावं हे आपण मनाने ठरवायचं नाही, ते दगडालाच विचारायचं.

पहिली पायरी: एकच दगड निवडा

दहा नको. एक. आणि शक्यतो जो हातात घेता येईल असा.

मराठी लेखकाला यासाठी दूर जावं लागत नाही. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी इथे लाव्हाचे थरांवर थर पसरले. आज त्यांनी व्यापलेला प्रदेश सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर आहे. लाव्हा थिजताना त्यातले वायूचे बुडबुडे आतच अडकले, आणि पुढे खडकातून झिरपणाऱ्या पाण्याने विरघळलेली द्रव्यं त्या पोकळ्यांत आणून सोडली. त्यातून गारगोटी, अकीक, कॅल्साइट आणि झिओलाइट कुळातले स्टिल्बाइट, ह्यूलँडाइट, स्कोलेसाइट असे स्फटिक वाढले. नाशिक, जळगाव, पुणे या भागांतले नमुने जगभरच्या संग्रहालयांत आहेत. पुण्याजवळच्या वाघोलीच्या दगडखाणींतला कॅव्हन्साइट तर असा निळा असतो की पहिल्यांदा पाहणाऱ्याला तो रंगवल्यासारखा वाटतो. हे खनिज पहिल्यांदा अमेरिकेतल्या ओरेगनमध्ये १९६७ साली सापडलं, पण त्याचे सर्वांत देखणे नमुने वाघोलीचेच.

सिन्नरला गारगोटी नावाचं खनिज संग्रहालय आहे. एक दिवस तिथे काढा, वही घेऊन जा. दगडखाणीत एकट्याने जाऊ नका. तिथे सुरुंग लागतात आणि कडे ढिले असतात. लेण्यांतून, गडांवरून काहीही फोडून आणू नका. छोटा नमुना विकत मिळतो, आणि कथेसाठी तो पुरतो.

घरी आणल्यावर आठवडाभर काहीही लिहायचं नाही, फक्त नोंदी करायच्या. आकार कसा आहे? सुरीच्या टोकाने ओरखडा उठतो का? उजेडात धरला तर आरपार दिसतं का, आणि कसं? फुटला तर कुठून फुटतो? स्पर्शाला गार लागतो की नाही? या नोंदींतूनच पुढचं सगळं येणार आहे.

दुसरी पायरी: स्वभावातून शक्ती, स्वभावातूनच किंमत

इथे सर्वांत जास्त वेळ द्या.

गारगोटीपासून सुरुवात करू. अंधाऱ्या खोलीत दोन पांढऱ्या गारा एकमेकींवर जोरात घासल्या की आत क्षणभर पिवळसर उजेड पेटतो आणि जळका वास येतो. खेड्यात वाढलेल्या पुष्कळांनी हे केलेलं असतं. १८८० साली झाक आणि पिएर क्युरी या भावांनी दाखवून दिलं की अशा काही स्फटिकांवर दाब दिला की त्यांच्या पृष्ठांवर विद्युतभार निर्माण होतो. उलट, वीज दिली की स्फटिक थरथरतो. क्वार्ट्झ म्हणजे गारगोटीच; मनगटावरच्या क्वार्ट्झ घड्याळातला तिचा इवलासा तुकडा सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो, म्हणून घड्याळ वेळ चुकत नाही. आता तुमच्या गारगोटीला काय येतं हे वेगळं ठरवायची गरज आहे का? तिला प्रकाश येतो आणि वेळ येते. किंमतही तिथेच आहे: उजेड हवा तर तिला घासावं लागतं, आणि घासलं की ती झिजते. शंभर रात्री उजेड देणारी गार एकशे एकाव्या रात्री चुरा होते. कोणती रात्र अंधारात काढायची, हा प्रश्न आता तुमच्या पात्राला पडतो, आणि तो पडला की कथा चालायला लागते.

कॅल्साइटचा स्वच्छ तुकडा छापील अक्षरांवर ठेवा. प्रत्येक अक्षर दोनदा दिसेल. रॅस्मस बार्थोलिन याने १६६९ साली याचं पहिलं वर्णन केलं. एका गोष्टीची दोन रूपं दाखवणारा दगड म्हणजे न्यायनिवाड्याचा दगड. साक्षीदाराच्या बोलण्यातलं दुसरं बोलणं तो दाखवू शकेल. पण तो मऊ आहे. मोसच्या कठीणतेच्या मोजपट्टीवर गारगोटी ७, कॅल्साइट फक्त ३. आणि आंबटाला तो टिकत नाही, लिंबाचा रस पडला की फसफसतो. म्हणजे तुमच्या जगातला सगळ्यांत बलाढ्य न्यायाधीश अर्ध्या लिंबाने हरवता येतो. माझ्या खेळात एका चौदा वर्षांच्या मुलीने हे स्वतः शोधून काढलं आणि भर दरबारात सरबत मागवलं. तो प्रसंग मी कधीच लिहू शकले नसते.

मुंबईच्या परिसरातल्या खाणींत ओकेनाइट सापडतं. पोकळीत कापसाचे गोळे ठेवल्यासारखं दिसतं ते, आणि बोट लावलं की तंतू दबतात, पुन्हा उभे राहत नाहीत. कुणी हात लावला हे ते कायमचं सांगतं. गुपित राखायचा दगड यापेक्षा चांगला कुठे मिळणार?

आणि माझ्या टेबलावरचं स्टिल्बाइट. १७५६ साली स्वीडनच्या अ‍ॅक्सल क्रोनस्टेट याने असा दगड फुंकनळीच्या ज्योतीत धरला तेव्हा तो उकळल्यासारखा फुगून आला. म्हणून त्याने ग्रीक शब्दांवरून झिओलाइट, म्हणजे उकळणारा दगड, असं नाव ठेवलं. या कुळातल्या स्फटिकांच्या घडणीत बारीक मोकळ्या वाटा असतात आणि त्यांत पाणी साठलेलं असतं. बेताने तापवलं तर पाणी निघून जातं, ओलावा मिळाला की परत येतं. पण फार तापवलं तर स्टिल्बाइट, ह्यूलँडाइट यांची घडणच ढासळते, आणि मग त्यात पाणी कधीच परतत नाही.

माझ्या कथांतली श्रेणी या शेवटच्या दगडावर उभी आहे. दुष्काळी मुलुखात कातळातून पाणी काढणारी माणसं. दगड जेवढं प्याला तेवढंच देतो. घाई केली, हाव धरली, तर दगड मरतो.

तुमच्या दगडासाठी एक कागद घ्या, डावीकडे त्याचा खरा स्वभाव लिहा, मधे त्यातून येणारी विद्या आणि उजवीकडे तिची किंमत. उजवा रकाना रिकामा राहिला तर मधलं खोडा.

एक सावधगिरी. हे सगळं कथेतलं आहे. दगड गळ्यात घातल्याने आजार बरा होतो, असं कथेबाहेर कुणाला सांगू नका. वाचक, विशेषतः लहान वाचक, आपल्या शब्दावर विश्वास ठेवतात.

तिसरी पायरी: नावं आपली द्या

स्टिल्बाइट, अ‍ॅपोफिलाइट ही नावं शास्त्रासाठी ठीक. पण ज्या जगात ग्रीस नाही तिथल्या पाथरवटाच्या तोंडी ती कशी येतील? आकार पाहून नाव ठेवा. मी स्टिल्बाइटला पेंढी म्हणते, ओकेनाइटला सावरी, कॅव्हन्साइटला गोकर्ण. अ‍ॅपोफिलाइटचे आडवे पापुद्रे सुटतात, म्हणून तो पापुद्रा. कॅल्साइट हा जुळ्या. अशी नावं वाचकाला समजावून सांगावी लागत नाहीत.

चौथी पायरी: पैसा कुठून येतो ते ठरवा

नवे लेखक ही पायरी गाळतात, आणि मला तिचंच सगळ्यांत जास्त प्रेम आहे. गिल्ड म्हणजे झग्यांचा रंग नव्हे. एका धंद्यातल्या माणसांनी एकत्र येऊन दर ठरवणं, माल तपासणं, शिकाऊंना सांभाळणं आणि ठेवी राखणं म्हणजे गिल्ड. त्यासाठी आपल्याकडे श्रेणी हा शब्द फार जुना आहे. जुन्नरच्या लेण्यांतल्या लेखांत धान्य व्यापाऱ्यांच्या, बांबूकाम करणाऱ्यांच्या आणि कासारांच्या श्रेणींचे उल्लेख आहेत. दगडाचा व्यापारही जुनाच. पैठणहून अकीकासारखे दगड भडोचच्या बंदरात जात आणि तिथून समुद्रापार, असं इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या एका ग्रीक प्रवासवर्णनात नोंदलेलं आहे.

पण खरी खाण नाशिकच्या त्रिरश्मी लेण्यांत आहे. क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याने तिथे कोरून ठेवलेला लेख कुणाही कथाकाराने समजून घ्यावा. त्याने गोवर्धन इथल्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे ३,००० कार्षापण, म्हणजे त्या काळची नाणी, ठेव म्हणून ठेवले: एकीकडे २,००० दरमहा शेकडा एक या दराने, दुसरीकडे १,००० दरमहा शेकडा पाऊण या दराने. मुद्दल परत घ्यायचं नाही, फक्त व्याज वापरायचं. पहिल्या ठेवीच्या व्याजातून लेण्यात वर्षावास, म्हणजे पावसाळ्यातला मुक्काम, करणाऱ्या वीस भिक्षूंना चीवरासाठी, म्हणजे वस्त्रासाठी, प्रत्येकी १२ कार्षापण मिळायचे. हिशोब करून पाहा. दोन हजारांवर शेकडा एक म्हणजे महिन्याला २०, वर्षाला २४०, आणि वीस गुणिले बारा बरोबर तेवढेच. हा सगळा व्यवहार निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत, जाहीर करून नोंदवला गेला.

हे पहिल्यांदा कळलं तेव्हा माझ्या श्रेणीचं कुलूप उघडलं. मुद्दल हलवायचं नाही, व्याजावर जगायचं. झिओलाइटचंही नेमकं हेच नाही का? स्फटिकाची घडण हे मुद्दल, तिच्यातलं पाणी हे व्याज. पाणी काढा, पावसात परत भरा, पिढ्यान्‌पिढ्या चालेल. घडण ढासळली तर मुद्दल बुडालं. माझ्या श्रेणीचा सगळा कायदा या एका वाक्यातून निघतो: कोणत्या गावाला किती पाणी द्यायचं, परतफेड कोणत्या नक्षत्रात घ्यायची, ज्याच्या हातून दगड मेला त्याला काय शिक्षा. मंत्र मी एकही लिहिला नाही.

तुम्हीही तीन प्रश्नांची उत्तरं आकड्यांत लिहा. श्रेणीकडे किती दगड आहेत? वर्षाला किती काम होतं? एका माणसाचं पोट भरायला किती लागतं? आकडे जुळत नसतील तर श्रेणीत चोरी चालू आहे, आणि चोर कोण हे तुम्हाला लवकरच कळेल.

पाचवी पायरी: विश्वाचा सूर खरोखर लावा

‘विश्वाशी एकरूप होणे’ असं लिहून पुढे जाऊ नका. सूर म्हणजे गुणोत्तर, आणि गुणोत्तर चुकू शकतं. जे चुकू शकतं तेच कथेत वापरता येतं.

खगोलशास्त्रज्ञ योहानेस केप्लरने १६१९ साली छापलेल्या ग्रंथात ग्रहांची गाणी मांडली. ग्रह सूर्यापासून दूर असताना सावकाश चालतो, जवळ आला की वेगाने. सूर्यावरून पाहिलं तर या दोन चालींत जे प्रमाण दिसतं, तो त्या ग्रहाचा स्वरपल्ला. शनीचं प्रमाण त्याने ४:५ धरलं, गुरूचं ५:६, मंगळाचं २:३, पृथ्वीचं १५:१६, शुक्राचं २४:२५ आणि बुधाचं ५:१२. आकाशात प्रत्यक्ष आवाज नसतो, हे गाणं बुद्धीने ऐकायचं, हेही त्याने सांगितलं. ग्रहांच्या भ्रमणकाळाचा आणि अंतराचा त्याचा प्रसिद्ध तिसरा नियमही याच ग्रंथात आहे.

आता हे आपल्या सरगमात मांडू. मंगळ सा ते पंचम गातो. गुरू सा ते कोमल गंधार. बुध सा पासून थेट तार सप्तकातल्या कोमल गंधारापर्यंत झेपावतो. शुक्र जागचा जेमतेम एका श्रुतीएवढा, म्हणजे स्वराच्या बारीकशा अंशाएवढा, हलतो. पृथ्वी सा आणि कोमल ऋषभ यांच्यात झुलत राहते. मला तर भैरव रागातला आंदोलित ऋषभच आठवतो, पहाटेचा. आणि शनी? सा ते शुद्ध गंधार. चांगला जुळलेला तानपुरा छेडला की खर्जाच्या तारेतून कुणी न वाजवलेला गंधार आपोआप उमटतो, तोच हा. ज्या ग्रहाला लोक घाबरतात त्याच्या वाट्याला स्वयंभू गंधार आला आहे. हे कळल्यावर माझ्या श्रेणीतला सगळ्यांत कठोर शिक्षक मी शनीच्या कुळातला केला आणि त्याला सगळ्यांत गोड गळा दिला.

गुरूचे तीन चंद्र याहून सोपे आहेत. गॅनिमीडची एक फेरी होते तोवर युरोपाच्या दोन आणि आयोच्या चार. तीन सप्तकांतले तीन षड्ज. ज्यांच्या जगात दोन-तीन चंद्र आहेत त्यांनी हे प्रमाण सरळ उचलावं. भरती-ओहोटी, सणवार, पंचांग सगळं त्यातून बसवता येतं.

मग दगड आणि आकाश जोडा. शनीला सूर्याभोवती फिरायला सुमारे साडेएकोणतीस वर्षं लागतात. एखादं काम शनी ठरावीक जागी असतानाच करता येत असेल, तर माणसाच्या कर्त्या आयुष्यात ते फार तर दोनदा जमेल. पहिल्यांदा पाहायचं, दुसऱ्यांदा करायचं, आणि करताना शेजारी कुणीतरी तरुण पाहत असलं पाहिजे. श्रेणी का हवी, एकटा जादूगार का पुरत नाही, याचं उत्तर इथे मिळतं.

सहावी पायरी: उमेदवार आत कसा येतो

थोडक्यात सांगते. गाण्यात गंडा बांधतात तशी एक खूण ठेवा, साधी. उमेदवारीला मुदत ठेवा. मी साडेसात वर्षांची ठेवली आहे, अडीच-अडीचचे तीन टप्पे. साडेसाती माहीत असलेल्या वाचकाला ती लगेच ओळखीची वाटते. पहिल्या टप्प्यात दगडाला हात लावायचा नाही, नुसता पाहायचा आणि झाडलोट करायची. दुसऱ्यात दगड भरायचा, तिसऱ्यात रिकामा करायचा. वरच्या माणसांना ‘ग्रँडमास्टर’ म्हणू नका; ज्येष्ठ, शेटे, महाजन हे शब्द आपल्या पेठांनी पिढ्यान्‌पिढ्या वापरलेले आहेत. उमेदवार ज्येष्ठाला ‘अहो’च म्हणेल, पण स्वयंपाकघरातल्या आजीला ‘अगं’ म्हणेल, आणि श्रेणीची खरी गुपितं त्या ‘अगं’मध्ये असतील.

सातवी पायरी: भांडण दगडातच शोधा

बाहेरून राक्षस आणायची गरज नाही. नवरत्नांत सूर्याचं माणिक आणि शनीचं नीलम. पुराणांत सूर्य बाप, शनी मुलगा, आणि दोघांचं वैर. पण खनिजशास्त्र सांगतं की माणिक आणि नीलम हे एकच खनिज आहे, कुरुविंद. त्यात किंचित क्रोमियम मिसळलं की लाल होतं; लोह आणि टायटॅनियम मिसळलं की निळं. बापलेकांचे दगड आतून एकच, फरक केवळ चिमूटभर भेसळीचा. तुमच्या श्रेणीत लाल गट आणि निळा गट पिढ्यान्‌पिढ्या एकमेकांचं पाणी पीत नसतील आणि एखाद्या उमेदवाराला हे गुपित सापडलं, तर तो कुणाला सांगेल? सांगावं का?

गारगोटीतही असं भांडण आहे. तिच्यातले अणू मळसूत्रासारखे वळलेले असतात, कुठे डावीकडे, कुठे उजवीकडे, म्हणून डावी गार आणि उजवी गार अशा दोन जाती होतात. काही स्फटिकांत दोन्ही एकत्र वाढलेल्या असतात. त्या दगडाला कोणता गट आपलं म्हणेल?

मोत्याचं आणि पोवळ्याचंही बघा. नवरत्नांत ही दोनच रत्नं जिवंत प्राण्यांनी घडवलेली आहेत. ज्या श्रेणीत सगळे दगडवाले आहेत तिथे चंद्राचा आणि मंगळाचा माणूस कसा वागवला जात असेल, हे लिहायला मला अजून वेळ झालेला नाही. कुणीतरी लिहा.

आठवी पायरी: पहिलं पान वहीत लिहा

कथेचं पहिलं वाक्य सुचत नसेल तर अडून बसू नका. श्रेणीच्या जमाखर्चाच्या वहीतली एक नोंद लिहा. तारीख, दगड, देणारा, घेणारा, राहिलेली बाकी. नोंद लिहिणाऱ्याला काहीतरी लपवायचं असू द्या, पण ते सांगू नका. मग ती नोंद मित्राला वाचून दाखवा, आणि त्याने जो पहिला प्रश्न विचारला त्याचं उत्तर म्हणून पुढचं पान लिहा. माझी पहिली नोंद अशी होती:

‘वैशाख वद्य चतुर्थी. पेंढी, नग एक, वजन सव्वा शेर. वरच्या आळीच्या विहिरीसाठी दिली. मंद आचेवर दोन घटका ठेवून पाणी काढले, साडेचार ओंजळी. घेणार: पाटलीणबाई. परतफेड: आर्द्रा लागताच. दगड परत आला, वजन केले, बरोबर भरले. रात्री पुन्हा वजन केले. कमी भरले. ज्येष्ठांना कळवलेले नाही.’